लेक स्वतःला विच म्हणवते, पण नाव शेजारणीचं येतंय

ताई, स. न.
मी मिरजेची, वय ५२. धाकटी लेक दोन वर्षांपूर्वी शिकायला इंग्लंडला, ब्रिस्टलला गेली, आता तिथेच नोकरी करते. वर्षभर तिच्या बोलण्यात विक्का, कव्हन असे शब्द येत होते. दिवाळीच्या सुमारास फोनवर सरळ म्हणाली, "आई, मी विच आहे." म्हटलं, म्हणजे चेटकीण का गं? तर हसून म्हणाली, "तसंच समज. आणि घाबरू नकोस, आपणही पेगनच आहोत." नोव्हेंबरच्या एक तारखेला सकाळी तिनं खोलीतल्या खिडकीचा फोटो पाठवला. मेणबत्त्या, वाळलेली पानं, काळ्या मुठीची एक बोथट सुरी आणि आमच्या घरातला चांदीचा करंडा! तो सासूबाईंचा. मामंजी चैत्रात गेले. त्यानंतर गणपतीत लेक चार दिवस आली होती, तेव्हा "मला आता काय करायचाय" म्हणून सासूबाईंनीच तो नातीला दिला. त्यात तिनं मीठ भरून ठेवलंय. (मामंजींचा फोटोही तिथेच होता, पुढे ताटली.) मला त्या रात्री झोप लागली नाही. सासूबाई म्हणतात, पोरीवर कुणीतरी करणी केली. ह्यांनी एका देवऋषीला विचारलं. तो म्हणाला, जवळच्याच बाईचं काम आहे, आणि उताऱ्याचे ११ हजार मागितले. आमच्या समोर एक बाई एकटीच राहते, तिच्याशी नळावरून जुनं भांडण आहे. सासूबाई तिचंच नाव घेतात. हे म्हणतात पोरीला परत बोलावू, एक चांगलं स्थळही आलंय. ही विक्का काय भानगड आहे? सैतानाची पूजा आहे का? लेकीनं धर्म बदलला का? मी काय करू?
एक आई

प्रिय मैत्रीण,

तुमचं मूळ पत्र पाच पानांचं आहे, इथे थोडक्यात दिलंय. त्या पाच पानांत समोरच्या बाईबद्दल जेमतेम तीन ओळी आहेत. मी उत्तराची सुरुवात त्या तीन ओळींपासून करणार आहे. ब्रिस्टलमधल्या तुमच्या मुलीला आज रात्री कसलाही धोका नाही. त्या एकट्या बाईला मात्र आहे.

देवऋषी कधी नाव घेत नाही. "जवळचीच आहे", "उजव्या अंगाला राहते", एवढंच म्हणतो. नाव घरातली माणसं भरतात, आणि ते नेहमी जिच्याशी वाकडं आहे तिचंच असतं. आठ दिवसांत ते गल्लीत फिरतं. मग कुणाचं पोर आजारी पडलं, कुणाची म्हैस आटली, की बोट तिच्याकडेच जातं.

पंधराएक वर्षांपूर्वी मी काही कार्यकर्त्या मैत्रिणींबरोबर नंदुरबार जिल्ह्यात, धडगावच्या बाजूला गेले होते. सातपुड्याच्या त्या पट्ट्यात अशा बाईला डाकीण म्हणतात. ज्यांना भेटलो त्या साठीच्या असतील. नवरा गेलेला, नावावर थोडी जमीन. पुतण्याचं लहान पोर तापानं गेलं आणि भगतानं यांच्याकडे बोट दाखवलं. गावानं मारून बाहेर काढलं, तेव्हापासून दुसऱ्या पाड्यावर भाच्याच्या पडवीत राहत होत्या. आम्हाला त्यांनी कोरा चहा केला. माझ्या मैत्रिणीच्या कडेवर तिची दोन वर्षांची मुलगी होती. चहाचा पेला त्या बाईंनी मैत्रिणीच्या हातात दिला नाही. खाली जमिनीवर ठेवला, दोन पावलं मागे सरकल्या आणि मग म्हणाल्या, "घ्या." का, म्हणून विचारलं. तर म्हणाल्या, "पोरीला उद्या खोकला झाला तर माझ्यावर येईल."

तुमच्या समोरची बाई त्या वाटेला लागू नये, एवढं तुमच्या हातात आहे. देवऋषीला एक रुपयाही देऊ नका. सासूबाईंना आणि यजमानांना बसवून स्पष्ट सांगा की हे नाव या घरात पुन्हा निघणार नाही. गोडीनं पटलं नाही तर कायदा सांगा. डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात खून झाला आणि ज्या कायद्यासाठी ते इतकी वर्षं झटले तो जादूटोणाविरोधी कायदा त्याच वर्षी राज्यात आला. अमकी बाई करणी करते असं पसरवून तिचं जगणं मुश्किल करणं, चमत्काराच्या नावाखाली लोकांना घाबरवून पैसे उकळणं, दोन्ही त्यात गुन्हे आहेत. शिक्षा सहा महिने ते सात वर्षं, शिवाय ५ हजार ते ५० हजार रुपये दंड. सांगली जिल्ह्यात अंधश्रद्धा निर्मूलनाचं काम करणारी माणसं आहेत, हाक मारली तर येतात. आणि तुम्ही स्वतः उद्या सकाळी समोरच्या दाराशी जा. मोठं काही बोलू नका. "पाणी आलं का हो तुमच्याकडे?" एवढं विचारलंत तरी पुरे. तुम्ही तिच्या दारात उभ्या आहात हे गल्लीला दिसू दे.

आता लेकीकडे येते.

तुम्ही झोपला नाहीत ते 'चेटकीण' या शब्दामुळे. विचला आपल्याकडे दुसरा शब्दच नाही, म्हणून आपण चेटकीण म्हणतो आणि त्याबरोबर उलट्या पायांपासून करणीपर्यंत सगळं डोक्यात येतं. तुमच्या मुलीनं जे धरलंय ते वेगळं आहे. आणि ते वाटतं तितकं जुनंही नाही. विक्का हा धर्म साधारण तुमच्या सासूबाईंच्या वयाचा आहे.

त्याचा उगम एका निवृत्त कस्टम अधिकाऱ्यापाशी सापडतो. जेराल्ड गार्डनर, १८८४ साली लिव्हरपूलजवळ जन्मलेले. लहानपणापासून दमा, त्यामुळे शाळा अशी झालीच नाही. तरुणपणी सिलोनला चहाच्या मळ्यावर, मग बोर्निओ आणि मलायात, शेवटी तिथल्याच कस्टम खात्यात नोकरी. मलायी लोकांच्या क्रिस नावाच्या नागमोडी कट्यारीचा त्यांना इतका नाद, की त्यावर त्यांनी पुस्तक लिहिलं. १९३६ साली निवृत्त होऊन ते इंग्लंडला परतले आणि दक्षिणेला न्यू फॉरेस्ट नावाच्या जंगलाजवळ राहायला गेले. १९३९ साली तिथल्या एका गुप्त मंडळात आपल्याला दीक्षा मिळाली आणि हे मंडळ म्हणजे ख्रिस्ती धर्माच्याही आधीच्या धर्माचा उरलेला धागा आहे, असं ते सांगत. इंग्लंडात १७३५ सालचा विचक्राफ्ट कायदा तेव्हा अजून पुस्तकात होता. तो १९५१ साली रद्द झाला आणि १९५४ साली गार्डनर यांचं 'विचक्राफ्ट टुडे' हे पुस्तक आलं. जगाला विक्काची ओळख झाली ती तिथून. तो १७३५ चा कायदाही मुळात जादूला शिक्षा देणारा नव्हता. मला जादू येते असं सांगून लोकांना फसवणाऱ्याला तो शिक्षा करायचा. आपल्या २०१३ च्या कायद्याशी त्याची ही एक बाजू जुळते.

'उरलेला धागा' ही कल्पना गार्डनर यांनी मार्गारेट मरे यांच्याकडून उचलली. या बाई १८६३ साली कलकत्त्यात जन्मल्या, पुढे लंडनमध्ये प्राचीन इजिप्तच्या अभ्यासक झाल्या. १९२१ सालच्या पुस्तकात त्यांनी मांडलं, की युरोपात चेटकिणी म्हणून ज्यांना मारलं ते लोक खरोखरच एका जुन्या देवधर्माचे अनुयायी होते. लोकांना हे फार आवडलं. इतिहासकारांनी मात्र ते मोडीत काढलं, कारण त्याचा बराचसा आधार छळ करून घेतलेल्या कबुलीजबाबांवर आणि त्यातल्या सोयीच्या तेवढ्या ओळींवर होता. विक्काच्या मुळांचा नीट शोध घेतला तो रोनाल्ड हटन यांनी. जन्म उटीचा, आणि प्राध्यापक तुमच्या लेकीच्याच ब्रिस्टलमध्ये. १९९९ सालच्या त्यांच्या ग्रंथात एकेक धागा सुटा करून दाखवलाय: फ्रीमेसन या गुप्त बंधुमंडळाचे दीक्षाविधी, एकोणिसाव्या शतकातल्या मांत्रिक मंडळ्या, अलिस्टर क्रोली या इंग्रज मांत्रिकाचं लिखाण, निसर्गाला देवी मानणारे इंग्रज कवी. अखंड चालत आलेली परंपरा काही सापडली नाही. पुष्कळ विक्कन लोकांनी हे मोकळेपणानं मान्य केलं, याचं मला कौतुक वाटतं. आपला धर्म आपल्याच आजोबांच्या काळात जुळवलेला आहे हे कबूल करूनही त्यावर श्रद्धा ठेवता येते, हे त्यांनी दाखवलं.

यातली मला सगळ्यात जवळची वाटते ती डोरीन व्हॅलिएंटे. १९५३ साली गार्डनर यांच्याकडून दीक्षा घेतली. पूजेच्या पोथीत क्रोलीच्या ओळी भरलेल्या पाहून त्या काढल्या आणि देवीच्या तोंडचे शब्द नव्यानं लिहिले. आज जगभर विक्कन लोक जे म्हणतात त्यातलं पुष्कळसं या बाईच्या हातचं आहे. १९५७ च्या सुमारास मंडळात वाद झाला, तेव्हा गार्डनर यांनी अचानक काही 'प्राचीन नियम' काढून दाखवले. त्यातला एक असा, की मुख्य पुजारीण वयानं वाढली की तिनं तरुण बाईसाठी जागा सोडावी. डोरीन तेव्हा पस्तिशीच्या. हे नियम आजवर कुठे होते, असं विचारून त्या आणि त्यांच्याबरोबरचे काहीजण बाहेर पडले. देवीचा धर्म म्हटला तरी देवीच्या नावानं बोलणारा पुरुष कधी काय काढील ते सांगता येत नाही, हे तुमच्या लेकीनं जरूर वाचावं.

आता पेगन, विक्का आणि विच हे तीन शब्द, कारण तुमच्या पत्रात त्यांची सरमिसळ झालीय आणि लेकीच्याही बोलण्यात होत असावी. पेगन हे भाऊबंदांचं आडनाव समजा. त्या आडनावाची अनेक घरं: ड्रुइड (जुन्या केल्टिक पुजाऱ्यांचा वारसा सांगणारे), आइसलंडमध्ये जुने नॉर्स देव पुजणारे (त्यांना तिथल्या सरकारनं १९७३ साली मान्यता दिली), लिथुआनियाचे रोमुवा, आणि विक्का. म्हणजे विक्कन हा पेगन, पण पेगन म्हणजे विक्कन नव्हे. विचक्राफ्ट हे तिसरंच. ते एक कसब आहे: मेणबत्ती, वनस्पती, मंत्र, चंद्राच्या कला धरून काहीतरी घडावं म्हणून केलेला विधी. कुठलाच देव न मानणारेही ते करतात. इंग्लंड आणि वेल्सच्या २०२१ च्या जनगणनेत ७४ हजार लोकांनी धर्माच्या रकान्यात पेगन लिहिलं आणि १३ हजारांनी विक्का. दोन्ही मिळून लाखही होत नाहीत, पण लपूनछपून चाललेलं असंही काही नाही. अमेरिकेत १९८६ साली तिथल्या अपील न्यायालयानं विक्काला धर्म म्हणून मानलं आणि २००७ पासून सैनिकांच्या सरकारी थडग्यांवर विक्काचं चिन्ह, वर्तुळातली पंचकोनी चांदणी, कोरता येते.

आणि आपण पेगन आहोत का? तुमची लेक हे तुम्हाला जवळ घेण्यासाठी म्हणाली, ते तसंच घ्या. पण तिला एवढं सांगा, की लॅटिनमध्ये पेगन या शब्दाचा मूळ अर्थ खेड्यातला, गावाकडचा. शहरं ख्रिस्ती झाली, तेव्हा अजून जुन्या देवांना धरून असलेल्यांना तो चिकटवला गेला. पुढे मिशनऱ्यांनी तो आपल्यालाही लावला. तिच्या इंग्रज मैत्रिणींनी तो आता स्वतःहून अभिमानानं उचलला, हा त्यांचा हक्क. आपल्या देवीला त्याची गरज नाही. तुळजापूरच्या भवानीला भोपे आहेत, गोंधळी आहेत, फेडायचे राहिलेले नवस आहेत, आणि कुणाला गाभाऱ्यापर्यंत जाऊ द्यायचं यावरून झालेली भांडणंही आहेत. ती आपल्याला निवडावी लागली नाही आणि सहजासहजी सोडताही येत नाही. विक्काची देवी माणसं वाचून, विचार करून निवडतात. दोन्हींत देवी आहे, चंद्र आहे, ऋतू आहेत. म्हणून त्या एक होत नाहीत.

पण त्यांच्या देवीचं एक रूप मला विचार करायला लावतं. तिची तीन वयं मानतात: कुमारी, आई आणि म्हातारी, वाढत्या, पूर्ण आणि सरत्या चंद्रासारखी. हीही कल्पना या रूपात पसरली ती १९४८ साली रॉबर्ट ग्रेव्हज या कवीनं लिहिल्यानंतर. तरी त्यात सुरकुतलेली, एकटी म्हातारीसुद्धा देवीच असते. तुमच्या घरात चैत्रापासून एका बाईनं स्वतःचा करंडा "मला काय करायचाय" म्हणून देऊन टाकलाय. हे नातीनं चार दिवसांत पाहिलं असेल. तिला ती तिसरी देवी का आवडली असेल, हे मी तुमच्याकडेच सोडते.

सैतानाचं म्हणाल तर विक्कात सैतान नाहीच. तो ख्रिस्ती धर्मातला, त्याला पुजायचं तर आधी तो धर्म मानावा लागतो. विक्काचं मुख्य वचन असं आहे, की कुणाला इजा होत नसेल तर मनाला वाटेल ते कर. आणि दुसऱ्याला जे द्याल ते तिपटीनं परत येतं असं त्यांच्यातले पुष्कळजण मानतात, म्हणून कुणाचं वाईट चिंतायला त्यांचा जीव धजत नाही. धर्म बदलला का? जुन्या पद्धतीच्या मंडळात, म्हणजे कव्हनमध्ये, दीक्षेआधी एक वर्ष आणि एक दिवस थांबवण्याचा रिवाज आहे. बरेचजण कुठल्याच मंडळात न जाता एकट्यानं करतात, तुमच्या फोटोतल्या खिडकीवरून तुमची लेकही त्यातलीच दिसते. ती बोथट सुरी म्हणजे अथामे. तिनं काहीही कापत नाहीत, पूजेआधी हवेत वर्तुळ आखायला ती असते. मीठ आणि पाणी जागा शुद्ध करायला.

एका गोष्टीवर मात्र मला लेकीशी भांडायचंय, आणि माझं भांडण तुम्ही तिच्यापर्यंत पोचवा. त्या मंडळींत सारखं ऐकू येतं, की आमच्या नव्वद लाख आयाबहिणींना जाळलं, आम्ही त्यांच्या वारस. नव्वद लाख हा आकडा खोटा आहे. साधारण १४५० ते १७५० या काळात युरोपात चेटकाच्या आरोपावरून ४० ते ६० हजार माणसं मारली गेली असं आजचे इतिहासकार मानतात, त्यात बहुतेक बायका. इंग्लंडात तर त्यांना जाळत नसत, फाशी देत. लँकाशरमधल्या पेंडल भागातलं १६१२ सालचं प्रकरण बघा. अलिझन डिव्हाइस नावाच्या गरीब मुलीनं रस्त्यात एका फेरीवाल्याकडे टाचण्या मागितल्या, त्यानं दिल्या नाहीत, आणि थोड्याच वेळात तो कोसळला. अर्धांगवायूचा झटका असावा. तिथून जुनी भांडणं, जुने संशय वर आले. नऊ वर्षांच्या जेनेटला टेबलावर उभं करून तिच्याच आईविरुद्ध साक्ष घेतली. लँकेस्टरला दहा जणांना फासावर चढवलं. तारीख होती २० ऑगस्ट.

त्यांतलं कुणी विक्कन नव्हतं. बहुतेक साधी, गरिबीनं गांजलेली माणसं, त्या काळच्या ख्रिस्ती धर्मातलीच. त्यांतल्या बहुतेकांनी स्वतःला विच म्हणवलं नाही, शेजाऱ्यांनी म्हटलं. त्यांच्या वारस ब्रिस्टलच्या खिडकीपाशी नाहीत. त्या सातपुड्यात आहेत, जमिनीवर चहाचा पेला ठेवून मागे सरकणाऱ्या. हा शब्द मिरवणं जिला परवडतं, तिनं तो जिच्यावर लादला जातो तिची आठवण ठेवली पाहिजे. कोलकात्याच्या इप्सिता रॉय चक्रवर्ती यांनी १९८० च्या दशकातच आपण विक्कन आहोत असं जाहीर केलं आणि डायन ठरवलेल्या खेड्यातल्या बायकांबद्दलही त्या बोलत राहिल्या. तुमच्या लेकीला या बाईंबद्दल शोधायला सांगा. आणि मिरजेला येईल तेव्हा गल्लीत "मी विच आहे" असं हसत म्हणू नकोस, हेही सांगा. तिला कुणी काही करणार नाही. पण तो शब्द हवेत राहील आणि ती विमानात बसल्यावर समोरच्या दारावर जाऊन बसेल.

काळजीच करायची असेल तर कशाची करायची, तेही लिहिते. पहिली पैशाची. गार्डनर यांच्या परंपरेत दीक्षेचे आणि शिकवणीचे पैसे घेणं निषिद्ध मानतात. फोनवरच्या छोट्या व्हिडिओंमधून मात्र शाप उतरवून देणारे, स्फटिक विकणारे ढिगानं आहेत, आणि ते तुमच्या देवऋषीचेच भाऊबंद. दुसरी, मंडळाची. काही जुन्या कव्हनमध्ये विधी विवस्त्र करतात, त्याला त्यांचा शब्द आहे तो आपल्या 'दिगंबर' या शब्दाच्याच अर्थाचा. सगळीकडे तसं नाही आणि कुणावर सक्ती करणं त्यांच्यातही चुकीचंच मानलं जातं. पण एकटी परदेशी मुलगी म्हणून तिला हे आधी माहीत असावं, आणि नको म्हणता यावं. इंग्लंडात १९७१ पासून पेगन फेडरेशन नावाची उघड संस्था आहे. एखाद्या मंडळाबद्दल शंका आली तर विचारायला अशी जागा आहे. तिसरी नेहमीचीच: जेवते का, झोपते का, नोकरी नीट चाललीय का, जुन्या मैत्रिणींना भेटते का, घरी फोन करते का. तुमच्या पत्रावरून ती दर रविवारी फोन करते आणि स्वतःहून फोटो पाठवते. ज्या माणसाला कुणी नादाला लावून घरापासून तोडलेलं असतं, ते फोटो पाठवत नाही.

स्थळाचं सध्या राहू द्या. लग्न हा उतारा नाही, आणि जिथे ती जाईल त्या घरावरही तो अन्याय. यजमानांना सांगा, तिला परत बोलावण्याआधी तिच्याकडे एकदा जाऊन या.

आता तुम्ही कंसात लिहिलेली ओळ. मामंजींचा फोटो, पुढे ताटली, एक नोव्हेंबरची सकाळ. विक्कात वर्षाचे आठ सण मानतात. हे आठ एकत्र बांधले गेले १९५० च्या दशकात, तरी त्यातले काही, आयर्लंड-स्कॉटलंडकडचे, खरोखर जुने आहेत. साविन हा त्यातलाच. ३१ ऑक्टोबरची रात्र. पीक घरात आलेलं, थंडी सुरू झालेली, आणि त्या रात्री गेलेली माणसं जवळ येतात असं मानून त्यांच्यासाठी ताट वाढून ठेवतात. आपल्या सर्वपित्रीला महिनाभर उशीर झाला असं समजा. तुमच्या पाच पानांत एके ठिकाणी आहे, की मामंजी गेले तेव्हा हिची परीक्षा होती आणि तेराव्यालाही तिला फोनवरूनच बघावं लागलं. सगळे एकमेकांच्या गळ्यात पडून रडत होते आणि ती ब्रिस्टलच्या खोलीत फोन भिंतीला टेकवून बसली होती. आजोबांसाठी तिला स्वतःच्या हातानं काही करता आलं नव्हतं. ते तिनं सात महिन्यांनी केलं, तिला सापडलेल्या पद्धतीनं, आजीच्या करंड्यासह. आणि फोटो तुम्हाला पाठवला.

मीठ भरलेलं तुम्हाला खुपलं, मलाही क्षणभर खुपलं असतं. पण दृष्ट काढताना आपण मूठभर मीठ-मोहऱ्याच घेतो ना? करंडा परत मागू नका. या रविवारी फोन येईल तेव्हा सासूबाईंना जवळ बसवा आणि आजोबांच्या ताटलीत काय काय ठेवलं होतंस, एवढंच तिला विचारा.